वाळ्याची ताटी आणि दोन कवेलू

गुरुवार, १० एप्रिल १९८६. स्वयंपाक आटोपून माळ्यावरची वाळ्याची ताटी खाली काढली आणि अंगणात नेऊन काठीनं झोडली. बांबूची चौकट, तिच्यात दोन्ही बाजूंनी कामट्या बांधलेल्या आणि मधे वाळ्याच्या मुळ्या दाबून भरलेल्या. धूळ निघाली, दोन झुरळं निघाली, खारीनं जमवलेला कापसाचा गोळा निघाला. मुळ्या निम्म्याहून जास्त गळल्या होत्या आणि उरलेल्यांचा बोटांत भुगा होत होता. तरी थोडं पाणी शिंपडून पाहिलं, तर वास आला. वाळ्याचं हे मला पटतं. काम संपत आलं तरी आपली ओळख विसरत नाही.

परवा अंजू येणार आहे. अंजू म्हणजे माझ्या नणंदेची, वत्सलाची मुलगी. बी. एस्सी.च्या शेवटच्या वर्षाची परीक्षा नागपूरला आहे, म्हणून अठरा-वीस दिवस ती आमच्याकडे राहील. वत्सलानं पत्रात चारच ओळी लिहिल्या आहेत. ती भंडाऱ्याला शाळेत मुख्याध्यापिका आहे, त्यामुळे कमी शब्दांत हुकूम द्यायची तिला सवय आहे. "अंजूला माझी उंची मिळाली नाही, अक्षर मिळालं नाही, नाक तेवढं मिळालं. गेल्या आठवड्यात दोनदा घोळणा फुटला. वहिनी, पुढचं तुला सांगायला नको."

खरंच नको. नाकातून रक्त येणाऱ्या मुलीला नागपूरच्या एप्रिलमध्ये परीक्षेला बसवणं म्हणजे काय, हे या घराला माहीत आहे. इथला एप्रिल नुसता गरम नसतो, तो कोरडा असतो, आणि बाहेरगावचे लोक इथंच फसतात. ते तापमानाचा आकडा वाचतात आणि घाबरतात. आम्ही आकडा वाचत नाही. दोरीवर धुणं घालताना शेवटचा कपडा घालेपर्यंत पहिला वाळला, की आम्हाला कळतं. केसांतून कंगवा फिरवला की तडतड आवाज येतो. दाराच्या फळ्या आक्रसतात आणि पावसाळ्यात न लागणारी कडी आपोआप लागते. मी शाळेत मुलींना शिवणकाम शिकवते. या दिवसांत यंत्रावरचा दोरा मिनिटामिनिटाला तुटतो. नव्या मुली यंत्राला दोष देतात. मी रीळ ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवायला सांगते. हे मला कुठल्या पुस्तकानं शिकवलं नाही. माझ्या सासूनं शिकवलं.

वत्सलाचं पत्र आल्यापासून आमच्या घरात दोन पक्ष झाले आहेत. ह्यांचं म्हणणं, आता कूलर घ्यावा. त्यांच्या ओळखीचा एक कारागीर पत्र्याचे कूलर बनवतो. त्यानं चार दिवस वापरून पाहायला एक कूलर आणून ठेवलासुद्धा. लोखंडी चौरंगावर पत्र्याची पेटी, तिन्ही बाजूंना गवताच्या जाळ्या, खाली टाकी, आत पंखा. उद्या सकाळी तो येणार. ठेवायचा की परत न्यायचा ते सांगायचं. माझं म्हणणं, ताटी आहे. त्यावर ह्यांचं म्हणणं, "ताटी दोन वर्षांपासून काम करून नाही राहिली. तूच म्हणत असतेस." हे मात्र खरं होतं. गेली दोन वर्षं ताटी लावली तरी खोलीत घुसमटायला व्हायचं. वाळा पूर्वीसारखा मिळत नाही, असं मी शेजारपाजाऱ्यांना सांगत आले होते.

मी कूलरच्या विरुद्ध नाही, हे आधी सांगून टाकते. जुनं ते सोनं म्हणणाऱ्या बायकांतली मी नव्हे. पाटा-वरवंटा मी आनंदानं सोडला. पण एखादी वस्तू घरात घ्यायची तर ती कशासाठी, हे ठाऊक असलं पाहिजे. आम्हाला गारवा हवा होता की ओलावा? अठरा वर्षांपूर्वी या प्रश्नावर आमच्या घरात मोठं रामायण झालं होतं.

१९६८चा उन्हाळा. मी सत्तावीस वर्षांची, लग्नाला पाच वर्षं झालेली. इतवारीच्या मागच्या विणकरांच्या वस्तीत आमचं कवेलूचं, म्हणजे कौलारू घर, दोन खोल्यांचं. पुढच्या खोलीत माणसं, मागच्या खोलीत माग. मामाजी, म्हणजे माझे सासरे, कापडगिरणीत होते. घरचा माग आत्याबाई, म्हणजे सासूबाई चालवायच्या. जमिनीत कमरेइतका खड्डा, त्यात पाय सोडून बसायचं, पायांनी पावड्या दाबायच्या आणि हातानं धोटा फेकायचा. बसणाऱ्याचं अर्धं अंग जमिनीत आणि ताणलेलं सूत जमिनीलगत. मी नवी होते तेव्हा विचारलं होतं, "आत्याबाई, खड्डा कशाला? वर ओट्यावर मांडला तर पाठ तरी दुखणार नाही."

त्या म्हणाल्या, "पाठ माही दुखते. सुताची दुखू नये म्हून खड्डा. भुईतून ओल येते वं, सूत नरम राह्यते."

उन्हाळ्यात ती ओलही पुरत नसे. मग खड्ड्याच्या कडेला वाळू पसरून ती भिजवायची, खिडकी लावायची, दाराच्या फटीत चिंध्या कोंबायच्या आणि आत विणत बसायचं. ओल पुरेशी आहे की नाही, हे पाहायची त्यांची एक तऱ्हा होती. बोटभर सूत दोन्ही हातांच्या चिमटीत धरून कानाजवळ न्यायचं आणि ओढायचं. तट्‌कन तुटलं तर हवा कोरडी. जरा ताणून मग सुटलं तर ठीक. मी तो आवाज ऐकायला शिकले, त्याला दोन उन्हाळे लागले.

त्याच खोलीच्या कोपऱ्यात वत्सला अभ्यास करायची. मागाच्या खटखटीत जन्मापासून वाढलेली, खटखट थांबली की तिचं वाचन थांबायचं आणि ती मान वर करून विचारायची, "आई, काहून थांबली?" आमच्या वस्तीतून बी. ए.च्या शेवटच्या वर्षापर्यंत गेलेली ती पहिली मुलगी. आदल्या वर्षी तिसऱ्या पेपरला तिचा घोळणा फुटला. उत्तरपत्रिकेवर रक्त, ओढणीवर रक्त, शेजारची मुलगी किंचाळली. पर्यवेक्षकांनी तिला बाहेर नेऊन डोक्यावर पाणी घातलं. परत येईपर्यंत वेळ संपली. त्या विषयात ती गेली आणि पूर्ण परीक्षा पुन्हा द्यायची पाळी आली.

मामाजी वाईट नव्हते. मुलीला कॉलेजात त्यांनीच घातलं होतं आणि त्यासाठी भाऊबंदांची बोलणी खाल्ली होती. पण त्यांनाही हद्द होती. खापा गावचं एक स्थळ सांगून आलं होतं. तिथंही मागच, मुलगा चांगला, माणसं उतावीळ. मामाजी म्हणाले, "यंदा अखेरचं. यंदा नाही झालं तर खाप्याले हो म्हणतो. मी किती दिवस लोकाले थांबवू?"

वत्सलाला मुलगा नको होता असं नाही. तिला आधी पदवी हवी होती, आणि मग शाळेतली नोकरी. ती उठून कोपऱ्यात जाऊन बसली आणि पुस्तक उघडलं. पान मात्र उलटेना. मला ते बघवलं नाही असं म्हणायची पद्धत आहे. मला खरं तर राग आला. एका मुलीचं शिक्षण नाकातल्या कातडीवर अडावं, हा काय कारभार झाला? मी म्हणून टाकलं, "मामाजी, यंदा तिचा घोळणा फुटणार नाही. जबाबदारी माझी."

मामाजींनी चष्म्यावरून पाहिलं. "तू काय डॉक्टर होय?"

डॉक्टरकडे मी तिला घेऊन गेले. त्यांनी नाक पाहिलं आणि सांगितलं, आतली कातडी कोरडी पडून चिरते. तूप लावा, उन्हात काढू नका, खोलीतली हवा ओलसर ठेवा. पहिली दोन कामं सोपी होती. तिसऱ्यासाठी वस्तीतल्या प्रत्येकीकडे एक उपाय निघाला. शेजारच्या शेवंताबाईंनी कांद्यांची माळ करून गळ्यात घालायला सांगितली. वत्सला म्हणाली, "मी परीक्षेले चालली, भाजीबाजारात नाही." मी गोणपाट भिजवून खिडकीला टांगलं, दुसऱ्या दिवशी खोलीत ओल्या कुत्र्यासारखा वास सुटला. परातीत पाणी ठेवलं; त्यात डास झाले. मग मला माझं माहेर आठवलं.

माझं माहेर कामठीचं. वडील छावणीत भांडारावर होते. उन्हाळा लागला की अधिकाऱ्यांच्या बंगल्यांना वाळ्याच्या ताट्या लावून घ्यायचं काम त्यांच्याकडे असे. लहानपणी मी त्यांच्याबरोबर जायची. बाहेर पाय पोळायचे आणि बंगल्याच्या व्हरांड्यात पाऊल टाकलं की कुणीतरी गार फडकं तोंडावरून फिरवावं तसं व्हायचं. भिश्ती मशकीतून पाणी मारायचा, ताटीतून गरम वारा आत शिरायचा आणि शिरताशिरता गरीब व्हायचा. बस, ताटी करायची, मी ठरवलं. वडिलांकडून वाळा आणला. बांबू घरात होता, सुतळी होती, शिवायला मी होते. दोन दुपारींत मागाच्या खोलीच्या पश्चिमेच्या खिडकीला बसेल अशी ताटी तयार केली.

आत्याबाई मागावरून बघत होत्या. "साहेबाच्या बंगल्यातलं खूळ आणलं काय वं सुशीला? आता भिश्तीही ठेव एक."

"भिश्ती मीच," मी म्हटलं.

"मंग पगार मागू नको."

नळ तेव्हा एक दिवसाआड यायचा, त्यामुळे पाणी जपून वापरायचं. ताटीवर धुण्याभांड्याचं पाणी मारायचं नाही, हे मी वडिलांकडून ऐकलं होतं, मुळ्या कुजतात. चांगलंच पाणी मारायचं, पण खाली घमेलं ठेवायचं. ठिबकलेलं पुन्हा ताटीवर, आणि संध्याकाळी उरलेलं मोगऱ्याला. या ताटीला वीज नको, तेल नको, वाराच राबायचा. उन्हाळा संपला की निघालेल्या मुळ्या कपड्यांच्या पेटीत, आणि त्यांचाही जीव गेला की झाडाच्या बुडात. घरात आणलेली वस्तू शेवटी कुठं जाणार हे जिला आधी कळतं, ती गृहिणी. बाकीच्या नुसत्या खरेदी करतात.

पहिल्याच दुपारी चमत्कार झाला, पण तो वत्सलाला नाही, आत्याबाईंना. त्यांनी सवयीनं सूत कानाजवळ नेऊन ओढलं. ताणलं, ताणलं आणि मग अलगद सुटलं. त्यांनी दुसरं घेऊन पाहिलं, तिसरं पाहिलं. त्या दुपारी त्यांचा एक धागा तुटला नाही. अखजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, द्यायचं एक लग्नाचं लुगडं मागावर होतं, तलम सुताचं. एरवी एप्रिलमध्ये असलं सूत म्हणजे दर वितीला गाठ. आत्याबाईंचा चेहरा खुलला. माझ्या खुळाचा त्यांनी ताबा घेतला. दुसऱ्या दिवशी त्यांनी दाराच्या फटीत चिंध्या कोंबल्या, वरच्या कवेलूंच्या खालीही पोती खोचली. मामाजी गिरणीतून आले आणि पसंतीनं मान हलवली. "असंच पाह्यजे. गिरणीत वाफ सोडतात आन् खिडक्या बंद. एकानं खिडकी उघडली तर साहेब धावून येते."

मीही खूश. ओल आत ठेवायची तर दार बंद हवं, यात चूक काय? तीन पिढ्यांचे विणकर आणि एक गिरणीकामगार सांगत होते.

तिसऱ्या दिवशी वत्सलाच्या वहीचं पान हातात धरलं तर ओल्या पापडासारखं लोंबलं. शाई पसरत होती. तिच्या वरच्या ओठावर घाम, कपाळावर घाम, मान जड झालेली. वाचतावाचता तिची मान पुस्तकावर पडायची. "वहिनी, गार आहे, पण जीव घाबरून राहिला," ती म्हणाली. मी म्हटलं, होईल सवय. हे वाक्य मी बोलले होते, ते मी विसरलेली नाही.

चौथ्या दिवशी तिला बसवेना. आम्ही दोघी कामात होतो. ती पुस्तक घेऊन गुपचूप बाहेर पडली आणि कडुलिंबाखाली जाऊन बसली. दुपारची लू, भाजून काढणारा वारा, चालली होती. घटकाभरात शेवंताबाईंची आरोळी आली, "धावा वं, पोरीचं नाक!"

रक्त थांबायला बराच वेळ लागला. परीक्षा सहा दिवसांवर होती. मामाजी घरीच होते. एवढंच म्हणाले, "पाह्यलं? उद्या खाप्याले निरोप धाडतो."

वत्सला मान मागे टाकून पडली होती. तिच्या डोळ्यांतलं पाणी कानांकडे जात होतं. मी ओलं फडकं घेऊन उभी. जबाबदारी माझी, असं मोठ्या तोंडानं म्हणणारी.

तेव्हा आत्याबाईंनी मला विचारलं, "सुशीला, तुह्या कामठीच्या बंगल्यात ताटी लावत. मंग तिथले साहेब घामेजत नोहते काय?"

"नाही. कोरडे असायचे. वर्तमानपत्र वाचत बसायचे."

"काहून?"

मी आठवू लागले. बंगला उंच. पांढऱ्या भिंती. आणि वर, छताजवळ, लहान लहान झडपा होत्या. त्यांना दोऱ्या बांधलेल्या असत. ताटी लागली की वडील प्रत्येक खोलीत जाऊन दोरी ओढून पाहायचे, झडप उघडते की नाही. लहानपणी मला वाटायचं, त्या दोऱ्या घंटा वाजवायच्या आहेत, आणि घंटा का वाजत नाही म्हणून मी वाट पाहत उभी राहायची. हे मी आत्याबाईंना सांगितलं.

त्या माझ्याकडे पाहतच राहिल्या. "हे पयले सांगता येत नोहतं?"

"मला काय ठाऊक झडपा कशाला होत्या?"

"हवा आत येते, त मंग जाईन कुठून? हवा का आपली पाव्हणी हाय, आली आन् इथंच बसली?" असं म्हणून त्या उठल्या. मागाच्या खोलीत गेल्या, खड्ड्याच्या काठावर उभ्या राहिल्या आणि मागावरच्या तलम सुताकडे बघितलं. लुगडं निम्मं झालं होतं. अखजी तोंडावर आली होती. मग त्यांनी कोपऱ्यातला लांब बांबू घेतला, आधी खोचलेली पोती ओढून काढली आणि माग टाळून, पलीकडच्या उतारावरचे दोन कवेलू ढोसून बाजूला सरकवले. कचरा त्यांच्याच डोक्यावर पडला. उन्हाचा एक पट्टा खाली आला.

मामाजी दारात आले. "काय करून राहिली? सूत वाळून जाईन सारं!"

आत्याबाई डोक्यावरचा कचरा झटकत म्हणाल्या, "जे सुताले मानवते ते पोरीले नाही मानवत. इतकी अक्कल मले आत्ता आली. तुमाले येईन तवा येईन. आन् हे पाहा, परीक्षा होतवर खाप्याले निरोपबिरोप काही जाणार नाही."

मामाजींनी वरच्या उघड्या फटीकडे पाहिलं. मग म्हणाले, "पाऊस आला तर?"

"एप्रिलात? या नागपुरात? तुमचे पाय धुवून पिईन."

मामाजींना हसू आलं. निरोप राहिला.

त्या संध्याकाळपर्यंत फरक कळला. ताटीतून येणारी हवा खोलीतून चालत जायला लागली आणि वरच्या फटीतून निघून जायला लागली. ओल होती, पण ती अंगावर बसत नव्हती. वत्सलाच्या ओठावरचा घाम गेला, वहीचं पान ताठ झालं. नाकाला जेवढी ओल लागते ती मिळत होती. आत्याबाईंच्या सुताला लागते तेवढी मात्र मिळत नव्हती. धागे तुटायला लागले. पुढचे सगळे दिवस मी त्या खोलीत खटखट, मग थांबणं, मग गाठ मारताना त्यांचं पुटपुटणं, मग पुन्हा खटखट असंच ऐकलं. खटखट थांबली की वत्सला मान वर करायची. आत्याबाई म्हणायच्या, "तू वाच वं. गाठ मले मारायची आहे, तुले नाही."

परीक्षेच्या केंद्रावर मी रोज तिच्याबरोबर जायची. नाकात तूप, डोक्यावर ओला पंचा, कनवटीला कांदा. शेवंताबाईंचं मन राखायला कांदाही होता. तिसऱ्या पेपरच्या दिवशी मी फाटकाबाहेर उभी होते. आतून कुणी धावत येतं का, हे पाहत होते. कुणी आलं नाही. घंटा झाली आणि वत्सला चालत बाहेर आली. ओढणी पांढरीच्या पांढरी. म्हणाली, "वहिनी, एक प्रश्न राहिला. वेळ पुरला नाही." मला इतका आनंद झाला की मी तिला रागावलेच, वेळेकडे लक्ष नको का म्हणून.

ती पास झाली. दुसरा वर्ग. पुढे बी. एड., मग नोकरी, मग लग्न. खाप्याच्या लोकांनी वाट पाहिली नाही, आणि कुणाचं काही बिघडलं नाही. लुगडं मात्र अखजीला झालं नाही. ज्यांचं होतं त्यांनी दुसरं नेलं. ते आत्याबाईंनी मला दिलं. समोरून पाहिलं तर बघत राहावं. उलटं करून पाहिलं तर अर्ध्या भागात गाठीच गाठी. नेमकी कुठून परीक्षा सुरू झाली, ते बोट ठेवून दाखवता येतं. त्याच्या घडीत मी दर वर्षी वाळा ठेवते.

आता ते कवेलू नाहीत. आत्याबाई आणि मामाजी गेले. घर पक्कं झालं, मागाचा खड्डा बुजला, त्यावर शहाबादी फरशी आली. पण पश्चिमेची खिडकी आम्ही तिथंच ठेवली आणि समोरच्या भिंतीत वर एक हवादान, हवा बाहेर जायला झरोका, ठेवलं. दोन कवेलूंची गोष्ट मी किती जणींना सांगितली असेल! शाळेत सांगितली, शेजारी सांगितली. सांगताना मला स्वतःचा थोडा अभिमानही वाटत असे.

तर आज दुपारी मी कूलरची परीक्षा घेतली. अंजूसाठीची खोली तीच, पूर्वीची मागाची. टाकी भरली, बटण दाबलं. पहिला अर्धा तास छान गेला. ह्यांनी पलंगावर पाय पसरून विजयी मुद्रा केली. तासाभरात चादर चिकट झाली. ह्यांनी सदरा काढला. मी रिळाचं सूत कानाजवळ नेऊन ओढलं, ताणत गेलं. ओल भरपूर होती. आणि जीव घाबरत होता.

"कूलर वाईट नाही," हे म्हणाले. "तुला तो आवडून घ्यायचा नाही."

"घामेजले कोण, तुम्ही की मी?"

तेवढ्यात वीज गेली. आजकाल ती ऐन दुपारीच जाते. पंख्याची घरघर थांबली, आणि खटखट थांबल्यावर वत्सला करायची तशी मी मान वर केली. वर पाहिलं आणि पाहतच राहिले.

हवादानावर फळी होती. चार खिळ्यांनी ठोकलेली. दोन वर्षांपूर्वी कबुतरांनी तिथं घरटं केलं, खोलीत काड्या आणि घाण पडू लागली, म्हणून ठोकली. ठोकली कुणी? मीच. स्टुलावर चढून, हातोडी घेऊन, ह्यांना बाजूला सारून. आणि त्या उन्हाळ्यापासून मी सगळ्यांना सांगत होते की वाळा आता पूर्वीसारखा मिळत नाही.

मी बोट वर केलं. ह्यांनी पाहिलं. ते आत्याबाईंचेच चिरंजीव. म्हणाले, "आई असती तर काय म्हणाली असती?"

"काही नसती म्हणाली. बांबू घेतला असता."

ते हसू लागले. मला हसू यायला थोडा वेळ लागला. गोष्ट सांगत राहिलं की गोष्ट आपल्याला पाठ आहे असं वाटतं. पाठ असणं वेगळं आणि मान वर करून पाहणं वेगळं, हे पंचेचाळिसाव्या वर्षी कळलं. ठीक आहे, परवा अंजू यायच्या आधी कळलं, हे महत्त्वाचं.

मग निवड सोपी झाली. ओल कूलर आणि ताटी दोघंही देतात. बाहेर जायची वाट दोघांनाही लागते. पण ज्या वेळी वीज नसते, त्याच वेळी अंजूच्या नाकाला ओल लागणार आहे, आणि त्या वेळी फक्त ताटी काम करील. वीज असेल तेव्हा ताटीसमोर टेबलपंखा ठेवू, असं ह्यांनी सुचवलं, आणि ते मला मान्य आहे. कारागिराला नाही म्हणायचं, पण त्याच्या कूलरला नावं ठेवायची नाहीत; त्यात त्याचा दोष नव्हता. संध्याकाळी इतवारीत जाऊन नवा वाळा आणला. हाताळून, वास घेऊन, मुळ्या वाकवून घेतला. उत्तम होता. पूर्वीसारखाच.

शुक्रवार, ११ एप्रिल. सकाळी, कारागीर यायच्या आधी, मी स्टुलावर चढले आणि पकडीनं चारही खिळे काढले. वरून काड्या पडल्या, दोन पिसं पडली, डोक्यात धूळ गेली. कबुतरांसाठी तारेची जाळी बसवली. फळी खाली घेतली आणि ओल्या फडक्यानं दोन्ही बाजूंनी पुसली. चांगली गुळगुळीत आहे, मांडीवर बसेल एवढी. अंजूला तिच्यावर वही ठेवून लिहिता येईल.